दुसरी प्रत

टॉकीजमधले दिवे मालवले, की पहिली पंधरा-वीस मिनिटं कुणाचीच नसायची. 'आराधना' बघायला आलेली माणसं तेवढ्या वेळात भजी घेऊन येत, रडणारं पोर बाहेर नेत, पाहुण्यासाठी शेजारच्या खुर्चीवर रुमाल टाकून ठेवत. पडद्यावर 'इंडियन न्यूज रिव्ह्यू' चालू असे. कुठलं तरी धरण, मग पूर, मग क्रिकेट. त्याच्या मागोमाग एखादा बोधपट येई आणि सगळ्या टॉकीजला ठाऊक असे, की हा संपला की मेन पिक्चर.

१९७१च्या उन्हाळ्यात आमच्या तालुक्याच्या टॉकीजमध्ये त्या बोधपटाच्या जागी मुंबई धावू लागली. रस्त्यावरची माणसं झटक्याझटक्यानं पुढं सरकत होती, उभी होती तिथं नाहीशी होत होती, पुन्हा उगवत होती. कुणाचा आवाज काही समजावून सांगत नव्हता. मशीन बिघडलं असं वाटून मागून कुणी तरी ऑपरेटरच्या नावानं ओरडलं, पुढच्या रांगांतून शिट्ट्या आल्या. चार मिनिटांत सगळं संपलं. त्या रात्री घरी चालत येताना मला राजेश खन्ना आठवत नव्हता. ती धावणारी माणसं आठवत होती. त्या चार मिनिटांचं नाव 'ट्रिप', वर्ष १९७०, दिग्दर्शक प्रमोद पती, हे मला चाळीस वर्षांनी कळलं. ते कळेपर्यंत चित्रपट टिकून होता, ही त्यातली सगळ्यात महत्त्वाची गोष्ट.

या लेखाचा विषय तो टिकणं हाच आहे. आपल्याकडं प्रयोगपटाबद्दल लिहिताना कल्पनेचं कौतुक खूप होतं आणि प्रतीचं फार थोडं. कमी पैशात चित्रपट करणं अवघड असतंच, पण त्याहून अवघड असतं त्याची दुसरी प्रत काढून ती कुठं तरी ठेवून देणं. १९६५ ते १९७५ या दहा वर्षांत मुंबईत, एकमेकांपासून फार दूर नसलेल्या दोन जागी, प्रयोगपट जन्माला आले. एका जागेकडं प्रती होत्या, दुसरीकडं नव्हत्या.

पहिली जागा म्हणजे पेडर रोडवरचा गुलशन महल. जुना बंगला, आवारात झाडं, आणि दारावर भारत सरकारची पाटी: फिल्म्स डिव्हिजन. ही संस्था १९४८ची, पण तिची मुळं युद्धकाळात आहेत. १९४० साली इंग्रज सरकारनं फिल्म ॲडव्हायझरी बोर्ड काढलं, तेव्हा त्याच्या निर्मितीची धुरा काही काळ व्ही. शांताराम यांच्याकडं होती. १९४३ साली 'इन्फर्मेशन फिल्म्स ऑफ इंडिया' आली आणि त्याच वर्षी भारत संरक्षण नियमांत एक कलम घालून प्रत्येक थिएटरमालकाला सरकारी चित्रफीत दाखवणं सक्तीचं झालं. युद्ध संपलं, ती संस्थाही बंद झाली. स्वतंत्र भारताच्या सरकारनं मात्र सक्तीची ती युक्ती पुन्हा उचलली. थिएटरच्या परवान्यातच अट आली, की दर खेळाला दोन हजार फुटांपर्यंत मान्यताप्राप्त चित्रफीत दाखवायची, आणि तिचं भाडंही थिएटरनंच भरायचं. पस्तीस एमएमची दोन हजार फूट फिल्म म्हणजे साधारण बावीस मिनिटं. भजी आणण्याचा तो वेळ कायद्यानं ठरवून दिलेला होता.

थिएटरमालक या अटीवर चिडून असत आणि प्रेक्षक कंटाळून. बोधपटही बहुधा कंटाळवाणे असत. निवेदकाचा तो घनगंभीर आवाज आमच्या पिढीच्या कानांत अजून आहे. पण या अटीमुळं एक गोष्ट घडली. प्रत्येक चित्रपट देशभरच्या हजारो थिएटरांत फिरवायचा, तर त्याच्या ढिगानं प्रती काढाव्या लागत, मराठीसकट अनेक भाषांत. म्हणजे गुलशन महलात जे काही तयार होई, ते एका डब्यात राहूच शकत नव्हतं.

ही गोष्ट नीट समजून घ्यायची, तर पेडर रोडवरून थोडं दादरला आणि पन्नास-पंचावन्न वर्षं मागं जायला हवं. १९१२च्या वसंतात दादासाहेब फाळके लंडनहून विल्यमसनचा कॅमेरा घेऊन परतले होते. विम्याच्या पॉलिसीवर कर्ज काढून झालं होतं. 'राजा हरिश्चंद्र' करायला आणखी पैसा हवा होता आणि सावकाराला या नव्या विद्येचा काही भरवसा वाटत नव्हता. फाळक्यांनी कुंडीत वाटाणे पेरले, समोर कॅमेरा रोवला आणि महिनाभर रोज थोडी थोडी फिल्म घेतली. पडद्यावर मिनिटभरात कोंब मातीतून वर आला आणि वेल झाला. 'अंकुराची वाढ'. हे पाहून पैसे मिळाले. नट नाहीत, सेट नाही, कपडेपट नाही. एक कुंडी आणि वाट पाहण्याची तयारी. भारतातल्या अल्पखर्ची प्रयोगपटाची सुरुवात मी तिथून धरतो, त्यांनी तो प्रयोग कर्जासाठी केला असला तरी.

पुढं पहिल्या महायुद्धात परदेशी कच्च्या फिल्मचा तुटवडा पडला, तेव्हा फाळक्यांनी 'आगकाड्यांची मौज' केली. काड्या टेबलावर मांडायच्या, एक चित्र घ्यायचं, काड्या हलवायच्या, पुन्हा एक चित्र. फिल्म कमी, वेळ भरपूर, म्हणून हा मार्ग. आगकाड्यांची ती मौज आज कुणालाही पाहायला मिळत नाही. खुद्द 'राजा हरिश्चंद्र'चीही सगळी रिळं उरलेली नाहीत. फाळके यांच्यापाशी बुद्धी होती, हात होते, सरस्वतीबाईंसारखी रात्री जागून फिल्मला भोकं पाडणारी सोबतीण होती. सुरक्षित ठेवायला जागा नव्हती.

फाळके जादूचे प्रयोग करत, हे अनेकांना माहीत आहे. १९६५ साली फिल्म्स डिव्हिजनमध्ये जो माणूस मुख्य सल्लागार म्हणून आला, तोही जादूगार होता. जहांगीर भावनगरी, सगळे त्यांना जाँ म्हणत. मुंबईत जन्मलेले, पॅरिसला युनेस्कोत काम करणारे, मातीची भांडी घडवणारे. पन्नाशीच्या दशकात ते एकदा इथं उपमुख्य निर्माता होते आणि पहाडी लघुचित्रांवरून त्यांनी 'राधा अँड कृष्ण' हा सुंदर लघुपट केला होता. १९६४ साली इंदिरा गांधी माहिती आणि नभोवाणी मंत्री झाल्या. त्याच वर्षी सरकारी प्रसारमाध्यमांचा कारभार तपासायला ए. के. चंदा यांची समिती नेमली गेली. बोधपट कुणी पाहत नाही, ही तक्रार एव्हाना सरकारच्याही कानावर होती. त्या वाऱ्यात भावनगरींना पॅरिसहून पुन्हा बोलावणं आलं. ते फार काळ राहिले नाहीत, १९६५ ते १९६७, एवढंच.

या माणसानं केलं काय? माझ्या समजुतीप्रमाणं एकच मोठं काम केलं: आडोसा दिला. सरकारी खात्यात चित्रपट करणारे बहुतेक जण पगारी नोकर होते. महिन्याचा पगार चालू, कॅमेरे खात्याचे, संकलनाची टेबलं खात्याची, प्रयोगशाळेचा करार खात्याचा. कुणी निर्माता गळ्याशी बसलेला नाही आणि तिकीटबारीची भीती नाही. भीती होती ती फायलीवरच्या शेऱ्याची. तेवढी भावनगरींनी स्वतःच्या अंगावर घेतली. काळ तर टंचाईचाच होता. जून १९६६ मध्ये रुपयाचं अवमूल्यन झालं, डॉलर पावणेपाचवरून साडेसात रुपयांवर गेला. कच्ची फिल्म परदेशातून यायची, उटीच्या हिंदुस्थान फोटो फिल्म्सचं उत्पादन तेव्हा कुठं सुरू होत होतं. रंगीत फिल्म म्हणजे चैन. त्यामुळं या काळातले कितीतरी उत्तम लघुपट कृष्णधवल आहेत, आणि फूटभर फिल्मही फुकट जाणार नाही अशा बेतानं केलेले.

भावनगरींनी चित्रकारांनाही बोलावलं. पंढरपुरात जन्मलेले, मुंबईत सिनेमाची पोस्टरं रंगवून पोट भरलेले मकबूल फिदा हुसेन राजस्थानात गेले आणि 'थ्रू द आइज ऑफ अ पेंटर' करून आले. सतरा मिनिटांचा, १९६७ सालचा. छत्री, कंदील, बूट. ह्या वस्तू बुंदी, चितोड आणि जैसलमेरच्या वाळूत, भिंतींपाशी, उन्हात येतात-जातात. गोष्ट नाही. राजस्थानची माहिती नाही. सुरुवातीला हुसेन दोन शब्द बोलतात आणि मग पडदा विजय राघव राव यांच्या संगीताच्या हाती देऊन बाजूला होतात. राजस्थानावरच्या सरकारी चित्रपटात किल्ल्याची उंची आणि बांधकामाचं साल सांगणार नाही, म्हणजे काय? पण त्याच वर्षी बर्लिनच्या महोत्सवात लघुपटासाठीचं सुवर्ण अस्वल या चित्रपटाला मिळालं. फायलीवर शेरा मारायला उचललेली लेखणी अशा पारितोषिकापुढं जरा थबकते. पुढच्या तीन-चार वर्षांत पेडर रोडवर जे झालं, त्यामागं त्या अस्वलाचंही बळ होतं.

एस. एन. एस. शास्त्री हे खात्यातलेच, न्यूजरीलचे कॅमेरामन. त्यांनी १९६७ साली 'आय ॲम ट्वेंटी' केला. स्वातंत्र्याबरोबर जन्मलेल्या, वीस वर्षांच्या मुलामुलींना देशभर फिरून प्रश्न विचारले. एक तरुण उत्साहानं सांगतो, की त्याला कॅमेरा आणि टेपरेकॉर्डर घेऊन सगळा देश पायाखाली घालायचा आहे. दुसरा सांगतो, की देशाबद्दल त्याला प्रेमबीम काही वाटत नाही. हे वाक्य सरकारच्या पैशानं चित्रित झालं आणि सरकारच्याच सक्तीनं थिएटरांत ऐकवलं गेलं. दुसऱ्या वर्षी त्यांनी 'अँड आय मेक शॉर्ट फिल्म्स' केला. लघुपट करणाऱ्या माणसाचं डोकं उघडून आत डोकावावं, तसा तो आहे. तुकडे, आवाज, अर्धी वाक्यं, एकमेकांवर आदळणारी चित्रं. के. एस. चारी आणि टी. ए. अब्राहम यांनी 'फेस टु फेस'मध्ये लोकांना लोकशाहीबद्दल बोलतं केलं. एस. सुखदेव यांनी निवेदकाला घरी पाठवून 'इंडिया ६७' नुसत्या आवाजांवर आणि चित्रांवर उभा केला. या प्रत्येकावर वेगळा लेख व्हावा, पण मला थांबायचं आहे ते प्रमोद पतींपाशी.

पती ओडिशाचे, जन्म १९३२चा. तरुणपणी ते प्रागला गेले आणि बाहुल्यांच्या चित्रपटांचे थोर गुरू यिर्झी त्रन्का यांच्याकडं शिकले. बाहुलीपटात बाहुली कणभर हलवायची, एक फ्रेम घ्यायची, पुन्हा कणभर हलवायची. सेकंदाला चोवीस फ्रेम. हे काम ज्याच्या बोटांत मुरलं, त्याला वेळ ही वस्तू कापडासारखी दिसू लागते, कुठूनही कातरता येणारी. पती परत येऊन फिल्म्स डिव्हिजनच्या कार्टून विभागात रुजू झाले. तिथं १९५६ साली डिस्नेचे क्लेअर वीक्स येऊन मुलं शिकवून गेले होते. भारतीय ॲनिमेशनचा पाया घालणारे राम मोहन त्याच विद्यार्थ्यांतले.

पण हातानं रंगवलेलं ॲनिमेशन महाग पडतं. माणसं लागतात, महिने लागतात. पतींनी बाहुल्यांऐवजी जिवंत माणसं वापरायला घेतली. कॅनडाच्या नॉर्मन मॅक्लारेन यांनी १९५२च्या 'नेबर्स'मध्ये ही पद्धत गाजवली होती, तिला पिक्सिलेशन म्हणतात. माणसाला एका जागी उभं करायचं, फ्रेम घ्यायची. त्यानं पाऊल उचलायचं, थांबायचं, पुन्हा फ्रेम. पडद्यावर तो माणूस पाय न हलवता रस्त्यावरून घसरत जातो. याला चित्रकारांची फौज लागत नाही. लागतो एक कॅमेरा, एक पक्की तिपाई आणि न कंटाळणारा नट.

हिशेब करून पाहण्यासारखा आहे. 'ट्रिप' चार मिनिटांचा. चार मिनिटं म्हणजे ५७६० फ्रेम. पस्तीस एमएमच्या एका फुटात सोळा फ्रेम बसतात, म्हणजे सगळा चित्रपट ३६० फुटांचा. हजार फुटांच्या एका डब्यात तो जवळजवळ तीनदा मावेल. नेहमीच्या चित्रीकरणात एकच दृश्य पाच-सहा वेळा घेतलं की एवढी फिल्म नुसती उडून जाते. इथं एकेक फ्रेम मोजून घेतलेली. फाळक्यांच्या आगकाड्यांचंच हे गणित, फिल्म थोडी आणि कष्ट फार. पती आणि फाळके यांच्यामध्ये प्राग आहे, कॅनडा आहे, पण दोघांच्या हाताची हालचाल एकच आहे.

पतींचे विषय सरकारनं दिलेलेच असत. कुटुंबनियोजन हा त्या दशकाचा मोठा विषय. त्याचा लाल त्रिकोण भिंतीभिंतीवर होता. १९६८च्या 'क्लॅक्सप्लोजन'मध्ये त्यांनी तो विषय दोन मिनिटांत पिक्सिलेशनच्या धिंगाण्यात मांडला. उपदेशाचा एक शब्द नाही. त्याच वर्षी 'एक्सप्लोरर' आला, सात मिनिटांचा. बेभान नाचणारी तरुण मुलं, यंत्रांचे पडदे आणि काटे, पूजाअर्चा, सगळं एकमेकांत इतक्या वेगानं घुसतं, की डोळा एक चित्र धरेपर्यंत चार निघून जातात. तेव्हाच्या तरुणांना एकीकडून देवघर ओढत होतं, दुसरीकडून प्रयोगशाळा. निवेदक असता तर त्यानं हे वाक्य उच्चारलं असतं आणि आपण ते विसरलो असतो. पती ते सांगत नाहीत, ओढाताण आपल्या डोळ्यांनाच करायला लावतात.

इथं विजय राघव राव यांच्याबद्दल लिहायलाच हवं. रविशंकरांचे शिष्य, पट्टीचे बासरीवादक, आणि खात्याचे संगीतकार. ज्यांची बासरी ऐकायला मैफलीत लोक डोळे मिटून बसत, ते पतींच्या चित्रपटांसाठी खरखर, ठोके, उलटा फिरवलेला टेप, गळ्यातून काढलेले विचित्र ध्वनी वापरत. पतींच्या चित्रपटाचं निम्मं काम कानात होतं. आवाज बंद करून 'एक्सप्लोरर' पाहा, तो लगेच लंगडा होतो.

१९७२चा 'आबिद' मला सगळ्यांत आवडतो. आबिद सुरती हे चित्रकार आणि लेखक, 'धर्मयुग'मधल्या ढब्बूजीमुळं घरोघरी पोचलेले. पतींनी त्यांना एका खोलीत घातलं आणि रंग हाती दिले. भिंती, जमीन, वस्तू, सगळं रंगत जातं, आणि मधून आबिद बसल्या बसल्या सरकतात, गायब होतात, भिंतीतून उगवल्यासारखे पुन्हा येतात. पाच मिनिटांचा चित्रपट. एका हालचालीला दोन-दोन फ्रेम दिल्या तरी साडेतीन हजारांहून जास्त वेळा त्या माणसानं श्वास रोखून स्थिर राहायचं. पडद्यावर दिसतो तो पोरखेळ, आणि त्याच्यामागं दिवसच्या दिवस आखडलेली पाठ. एका चित्रकाराची ओळख करून देणारा सरकारी लघुपट असाही होऊ शकतो, हे आजही कुणा अधिकाऱ्याला सांगून पटेल असं मला वाटत नाही.

आता दुसरी जागा. १९६९ साली चित्रकार अकबर पदमसी यांना जवाहरलाल नेहरू शिष्यवृत्ती मिळाली. त्या पैशातून शांतपणे चित्रं रंगवता आली असती. त्याऐवजी त्यांनी दक्षिण मुंबईत 'व्हिजन एक्स्चेंज वर्कशॉप' उघडलं. १६ एमएमचा कॅमेरा, डार्करूम, एचिंगचा प्रेस. चित्रकार, छायाचित्रकार, सिनेमावाले, मानसतज्ज्ञ असे वेगवेगळ्या धंद्यांतले लोक तिथं येऊन एकमेकांची हत्यारं वापरून पाहत. कॅमेरामन के. के. महाजन येत, दिग्दर्शक कुमार शहानी येत. नलिनी मलानी तेव्हा नुकत्या विशीत होत्या, जे. जे. स्कूल ऑफ आर्टमध्ये शिकत होत्या आणि त्या सगळ्या पुरुषांत एकट्या बाई होत्या.

तिथं कुठलंही खातं नव्हतं, फाइल नव्हती, शेरा मारणारा अधिकारी नव्हता. सक्तीचा प्रेक्षकही नव्हता. पदमसींनी 'सिझिजी' केला, अकरा मिनिटांचा, आवाजाविना. रेघा आणि बिंदू एका गणिती शिस्तीनं जुळतात, वाढतात, मोडतात. हजारभर रेखाटनं पदमसींची, त्यांना चालतं करण्याचं काम राम मोहन यांचं. म्हणजे पेडर रोडच्या शाळेत शिकलेला हातच इथंही आला. मलानींनी 'ड्रीम हाउसेस'मध्ये वास्तूच्या छोट्या प्रतिकृतीवर रंगीत प्रकाश टाकून ८ एमएमवर एकेक फ्रेम घेतली. नेहरूंच्या काळानं पाहिलेलं सगळ्यांसाठी घरांचं स्वप्न होतं ते. काही वर्षांनी त्यांनी त्याला एक कृष्णधवल जोड दिली: उंच इमारतीतून खालच्या झोपडपट्टीकडं बघणारी तरुणी. दोन्ही मिळून 'युटोपिया'. त्या शहरात राहणाऱ्या कुणालाही याचा अर्थ समजावून सांगावा लागत नाही.

पदमसींचा दुसरा चित्रपट 'इव्हेंट्स इन अ क्लाउड चेंबर'. क्लाउड चेंबर हे भौतिकशास्त्रातलं उपकरण. बाष्पानं भरलेल्या पेटीतून अणूहूनही लहान कण जातो. तो दिसत नाही, पण त्याच्या वाटेवर थेंबांची एक रेघ उमटते आणि क्षणात विरते. पदमसींनी आपल्याच एका निसर्गचित्राचे आकार सुटे केले, त्यांतून रंगीत प्रकाश सोडला आणि ते चित्र कॅनव्हासऐवजी उजेडात पुन्हा रंगवलं. त्याला गीता साराभाई यांचं इलेक्ट्रॉनिक संगीत. सहाच मिनिटं. १६ एमएमची एकच प्रिंट. ती कुठं तरी दाखवायला म्हणून पाठवली गेली आणि हरवली.

दुसरी प्रिंट काढायचा खर्च फार नव्हता. पण अशा कामात प्रत्येक रुपया पुढच्या प्रयोगाकडं धावतो, केलेल्या प्रयोगाकडं मागं वळत नाही. मी स्वतः तरुणपणी मित्रांबरोबर सुपर एटवर एक तीन मिनिटांचा चित्रपट केला होता. त्याची एकुलती एक फीत एका स्पर्धेला पाठवली आणि ती परत आली नाही. त्यात जगाचं काही गेलं नाही. पण पदमसींची गोष्ट वाचली, तेव्हा ती न परतलेली फीत पुन्हा आठवली.

या दोन जागांच्या मध्ये उभा असलेला एक चित्रपट आहे, तय्यब मेहतांचा 'कूडल'. तय्यब पदमसींच्या पिढीचे, त्यांच्याच वर्तुळातले चित्रकार. जे. जे.मध्ये जाण्याआधी त्यांनी सिनेमाच्या संकलनाच्या टेबलावर काम केलं होतं, त्यामुळं कात्री त्यांना परकी नव्हती. फाळणीच्या वेळी महंमद अली रोडवर एका माणसाचा खून होताना त्यांनी डोळ्यांनी पाहिला होता, आणि ते दृश्य आयुष्यभर त्यांच्या चित्रांत पडणाऱ्या, फाटणाऱ्या देहांच्या रूपानं येत राहिलं. १९७० साली त्यांनी फिल्म्स डिव्हिजनसाठी सोळा मिनिटांचा हा चित्रपट केला. तमिळमध्ये कूडल म्हणजे मिलन, एकत्र येण्याची जागा. त्यांनी कॅमेरा वांद्र्याच्या कत्तलखान्यात नेला. पाय बांधलेला, कोसळणारा बैल, माणसांची गर्दी, पुन्हा बैल. नंतर त्यांच्या चित्रांत जो कोसळता बैल जगभर ओळखीचा झाला, त्याचं हलतं रूप इथं आहे. ही सोळा मिनिटं कुणा खासगी निर्मात्यानं पैसे घालून केली नसती. सरकारनं केली, आणि सरकारच्या कपाटात असल्यामुळं ती आपल्याला आजही पाहता येतात.

मग हळूहळू आडोसा गेला. भावनगरी १९६७ सालीच परतले होते. त्यांच्या धक्क्यानं गाडी आणखी काही वर्षं चालली. शास्त्रींनी १९७४ साली 'फ्लॅशबॅक'मध्ये खात्याच्या सगळ्या वाटचालीकडं मागं वळून पाहिलं, जणू काही संपत आल्याची त्यांना चाहूल लागली होती. १९७५ साली प्रमोद पती कर्करोगानं गेले, वयाच्या त्रेचाळिशीच्या आत. त्याच वर्षी जूनमध्ये आणीबाणी आली. देशाबद्दल प्रेम वाटत नाही असं म्हणणाऱ्या पोराचं वाक्य ज्या खात्यानं थिएटरांत ऐकवलं होतं, ते आता वीस कलमी कार्यक्रमाची स्तुती ऐकवू लागलं. 'इंडिया ६७'च्या सुखदेव यांनीही आणीबाणीच्या बाजूचे चित्रपट केले. याचं मला आजही वाईट वाटतं, कारण त्यांच्याइतका धारदार डोळा त्या पिढीत दुसऱ्या कुणाकडं नव्हता. पुढं मणी कौल यांनी १९८० साली 'अरायव्हल'मध्ये मुंबईत येणारी फुलं, मासे, बकऱ्या आणि मजूर यांना एकाच थंड, निश्चल नजरेनं पाहिलं. खात्याच्या छत्राखाली असं काही नंतरही अधूनमधून झालं. पण ती गजबज पुन्हा झाली नाही.

त्या चित्रपटांचं पुढं काय झालं? थिएटरांत फिरून प्रती झिजल्या, ओरखड्यांनी भरल्या. पण मूळ निगेटिव्ह पेडर रोडवर राहिली. १९६४ साली पुण्यात राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय सुरू झालं होतं आणि जपणूक हे स्वतंत्र काम आहे, ही समज पी. के. नायर यांच्यासारखी माणसं चिकाटीनं रुजवत होती. २०१२च्या सुमारास फिल्म्स डिव्हिजननं आपल्या कपाटांतले जुने लघुपट लोकांसाठी पुन्हा दाखवायला सुरुवात केली. तिथं एका संध्याकाळी, भजी वगैरे काही हाती नसताना, मी 'ट्रिप' दुसऱ्यांदा पाहिला. प्रेक्षागृहात बरीचशी तरुण मुलं होती. कुणी शिट्टी मारली नाही, कुणी ऑपरेटरला हाक मारली नाही. मला मात्र त्या शिट्ट्यांची आठवण आली. जगात इतरत्र प्रयोगपटांना तीस-चाळीस जाणकार प्रेक्षक मिळत होते तेव्हा 'ट्रिप'नं आमच्या तालुक्यात आठशे माणसांना चार मिनिटं गोंधळात टाकलं होतं. ते गोंधळणं मला अजून मोलाचं वाटतं.

गुलशन महलात आता भारतीय सिनेमाचं राष्ट्रीय संग्रहालय आहे, २०१९ पासून. फिल्म्स डिव्हिजन हे नावही राहिलेलं नाही, ते राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन झालं.

पदमसींच्या चित्रपटाचा शोध घेणाऱ्यांत दिग्दर्शक आशिम अहलुवालिया होते. प्रिंट सापडण्याची आशा संपल्यावर ते पदमसींकडंच गेले. तेव्हा पदमसी अठ्ठ्याऐंशी वर्षांचे होते. पंचेचाळीसएक वर्षांपूर्वी उजेडानं रंगवलेलं चित्र त्या वयात पुन्हा उभं करायचा त्यांनी दोघांनी मिळून प्रयत्न केला. त्या प्रयत्नाचाच २०१६ साली एक लघुपट झाला, 'इव्हेंट्स इन अ क्लाउड चेंबर' याच नावाचा. तो व्हेनिसला दाखवला गेला, नंतर इतरत्रही. २०२०च्या जानेवारीत पदमसी गेले. या खेपेला चित्रपटाच्या प्रती एकाहून जास्त निघाल्या होत्या.